निळ्यावर कुठला निळा

आई, तू गेलीस त्याला आता इतकी वर्षं झाली की तुझा आवाज आठवायला मला जरा थांबावं लागतं. तुझे हात मात्र लगेच दिसतात. गोरेगावच्या त्या स्टुडिओत कपडेपटाच्या खोलीत तू बसली आहेस, मांडीवर कुणा नटीचा उसवलेला ब्लाउज, समोर दोऱ्याच्या रिळांचा डबा. कॉलेज सुटलं की मी तिथेच यायचे. बाहेरून कुणीतरी ओरडायचं, "भाभी, जल्दी, शॉट रेडी है!" तू कापडाकडे एकदाच बघायचीस आणि डब्यात हात घालायचीस. निळ्यावर कुठला निळा चालेल ते तुला शोधावं लागत नसे. तुमचे मुख्य शिंपी, ज्यांना सगळे मास्टर म्हणायचे, मला सांगायचे, "तेरी माँ के हाथ में आँख है."

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. एका वर्षी दिवाळीनंतर एका दुपारी मी आले तेव्हा तू सगळी रिळं फरशीवर मांडून बसली होतीस. कपाळावर घाम. बाहेर शूटिंग थांबलेलं. "हा बरा की हा?" तू मला विचारलंस. दोन्ही रिळं मला सारखीच दिसत होती. मास्टर म्हणाले, "भाभी, कोई भी लगा दो, कॅमेरे में क्या दिखता है!" तू एक उचललंस, ठेवलंस, दुसरं उचललंस. शेवटी टाके मास्टरांनीच घातले. घरी येताना दिंडोशीच्या चढावर तू पुन्हा पुन्हा एवढंच म्हणत होतीस, "चुकला असता तर?"

त्यानंतर तू कामावर जाणं टाळायला लागलीस. "उद्या जाते," असं रोज म्हणायचीस. मग दार वाजलं तरी उघडेनाशी झालीस. विळीपुढे बसायचीस, एका बाजूला भेंडी, दुसऱ्या बाजूला दुधी, आणि जेवणाची वेळ टळून जायची. पहाटे कधीही जाग आली तरी तू भिंतीकडे तोंड करून जागीच. तू रडत नव्हतीस, म्हणून हा आजार असेल असं कुणाच्या मनातही आलं नाही. शेजारच्या बायका म्हणाल्या, आळस चढलाय. गावाहून आलेली आत्या म्हणाली, "देवाक गाऱ्हाणा घालूया, सगळा बरा होतला." बाबा पहाटे उठून स्वयंपाक करायचे, तुझी साडी काढून ठेवायचे, स्टुडिओत तापाचं कारण सांगून यायचे. तुला काही ठरवावं लागू नये म्हणून सगळं तेच ठरवायचे. आणि तू आणखी आणखी आत जात होतीस. एकदा तू म्हणालीस, "नोकरी सोडूनच देते." पण तेही तुझ्याच्याने ठरेना, म्हणून ती राहिली.

कोपऱ्यावरच्या आपल्या डॉक्टरांनी बाबांना स्पष्ट सांगितलं होतं, "हे माझ्या गोळ्यांचं काम नाही. मोठ्या हॉस्पिटलात मनोविकाराच्या डॉक्टरांना दाखवा." बाबा "बघू" म्हणाले आणि बघतच राहिले. एका संध्याकाळी मी विषय काढला तेव्हा ते दबक्या आवाजात म्हणाले, "उद्या तुझं लग्न जमवताना कुणी विचारलं तर काय सांगू?"

"खरं सांगा."

"एवढं सोपं नसतं गं."

"बाबा, तिला ठरवता येत नाही कारण ती आजारी आहे. तुम्ही तर बरे आहात ना?"

दुसऱ्या दिवशी बाबांनी रजा टाकली.

तू तयार झालीस, दारापर्यंत आलीस आणि थांबलीस. "उद्या जाऊ या का?" बाबांचा चेहरा लगेच विरघळला. "राहू दे," ते म्हणाले, "उद्या जाऊ." मी खाली बसले आणि तुझ्या पायांत चपला घातल्या. "उद्या नाही, आई. आज." तू माझ्याकडे बघितलंस. त्या नजरेत राग नव्हता. कुणीतरी ठाम बोललं याचं थोडं बरंच वाटलं असावं तुला. बसमध्ये प्रत्येक स्टॉपवर तू विचारत होतीस, "उतरायचं?" आणि मी सांगत होते, "अजून नाही."

डॉक्टर बाई होत्या. त्यांनी तुझ्याशी आधी शिवणाबद्दल गप्पा मारल्या. मग म्हणाल्या, "ताप आला की अंग तापतं ना, तसं या आजारात ठरवण्याची ताकद जाते. एखादी गोष्ट टाळली की तेवढ्यापुरतं हायसं वाटतं. म्हणून माणूस पुन्हा टाळतो, आणि भीती वाढत जाते. यात तुमचा दोष नाही." तू पहिल्यांदा तिथे रडलीस. मग त्या बाबांकडे वळल्या. "नोकरी सोडायची का, असले मोठे निर्णय सध्या नकोत. पण छोटे तुम्ही घेऊ नका. दोनच गोष्टी पुढे ठेवा आणि थांबा." औषधाचा गुण यायला वेळ लागेल, मधेच सोडू नका, हेही त्यांनी बजावलं.

थांबणं किती कठीण असतं ते मला तेव्हा कळलं. मी दोन साड्या हातात धरून उभी आहे, कॉलेजला उशीर होतोय, तुझी बोटं या पदरावरून त्या पदरावर जातायत. मागे बाबा तोंडावर हात दाबून उभे, पटकन उत्तर देऊन बसू नये म्हणून. कधी तू हिरवी म्हणायचीस, कधी काहीच न बोलता परत जाऊन झोपायचीस. दुसऱ्या दिवशी आम्ही पुन्हा तिथेच उभे. थंडी सरता सरता तू झोपू लागलीस. उन्हाळ्यात स्टुडिओत परत गेलीस, आधी नुसती इस्त्रीला. मास्टरांनी काही विचारलं नाही, फक्त चहा मागवला. पुढे तो आजार तुझ्याकडे अधूनमधून परत येत राहिला, पण तेव्हा तू स्वतःच सांगायचीस, "पुन्हा सुरू झालंय गं, डॉक्टरांकडे जाऊ या." माझं लग्न जमलं तेव्हा बाबांनी कुणी विचारण्याआधीच खरं सांगितलं. एक स्थळ त्यापायी गेलं. गेलं तर गेलं.

आता माझी मुलगी एखाद्या गोष्टीवर घोळ घालत बसते तेव्हा मी लगेच आजाराचं नाव घेत नाही. घोळ सगळेच घालतात. मी तिची झोप बघते, जेवण बघते, आवडीच्या गोष्टी अजून आवडतात का ते बघते. आणि कधी काही वेगळं दिसलं तर मी "बघू" म्हणणार नाही. हा शब्द मी माझ्या घरातून काढून टाकलाय.

हे सगळं तुझ्यापर्यंत पोचवायची सोय नाही, म्हणून माझ्याचपाशी राहील. पण एक सांगायचं राहिलंय. तू बरी होत होतीस त्या दिवसांत एकदा बाजारात आपण भाजीवालीसमोर उभ्या होतो. मी दोन भाज्या दाखवायच्या आतच तू म्हणालीस, "आज शेपू." कुणी न विचारता, स्वतःहून. रात्री बाबांचे डोळे भरून आले आणि मी तीनदा भाजी वाढून घेतली. तू खूश होऊन म्हणालीस, "आवडली ना? आता दर आठवड्याला करते." आणि केलीस, माझं लग्न होईपर्यंत. आई, मला शेपू मुळीच आवडत नाही.