स्पुमोनेचा मधला थर

तोरिनो, २६ नोव्हेंबर

प्रिय आई,

तुला आणि बाबांना माझं खूप खूप प्रेम.

माझा स्पुमोने, आपला थराथरांचा आइस्क्रीम-केक, मऊ राहिला, त्याचा दोष मागच्या पत्रात मी दुकानाच्या फ्रीजरला दिला होता. ते चुकीचं होतं. हेझलनट आणि चॉकलेट आइस्क्रीमचे थर दगडासारखे गोठतात. मधला केकच ओला राहतो, कारण त्यात मुरवलेली दारू गोठत नाही. मालकीण बेर्ताबाईंनी साचा उपडा केला आणि म्हणाल्या, "पोरी, नाताळला गिऱ्हाइकांना चमचे देऊ की स्ट्रॉ?" काळजी करू नकोस, त्या हसत होत्या. पण जमलं नाही तर त्या नेहमीचा केकच ठेवणार आहेत.

बाबा त्या दारूचं आधी काहीतरी करतात, म्हणून त्यांचा मधला थरही घट्ट गोठतो. ती वेळ आली की मला मलई आणायला पिटाळतात, कारण आजोबांपासून ती कृती फक्त मुलालाच शिकवायची रीत आहे. आणि मुलगा काय म्हणतो? काल ओरोन्झोला फोन केला, तर म्हणाला, "ताई, मला माझा ट्रक पुरे." मग बाबांनंतर आपल्या गालातिनात स्पुमोने करणार कोण? त्यांचा हात अजून थरथरतो का? तू गुडघ्याला तेल लावतेस ना?

फोनवर बाबा विषय बदलतात, म्हणून मीच येते. त्यांना आपणहून सांगू नकोस. विचारलंच तर मात्र खोटं बोलू नकोस. आठ डिसेंबरला, मारियामातेच्या सणाला, ते नाताळचा पहिला साचा भरतील तेव्हा मी त्यांच्या शेजारी उभी असेन. मलई आणायला ओरोन्झो जाईल.

तुझी,
दोरा