दगडावर टाकलेली माती

प्रिय दुशान,

बाबा घरी आले. खुब्याचं हाड जुळतंय. चालायला काठी लागते, आणि त्या काठीचा राग काढायला मी. शेजारच्या हुदाककाकांनी ईस्टरचा अक्रोडाचा रोल पाठवला होता, त्यातला अर्धा एकट्याने संपवला आणि वर मलाच म्हणाले, पॉला, तुझी आई याहून पातळ लाटायची. म्हणजे तब्येत सुधारली म्हणायची.

तू धाडलेली माती पोचली. मी बाबांजवळ दवाखान्यात होते तेव्हा हुदाककाकांनी आणि चर्चमधल्या लोकांनी ती घरामागच्या सगळ्या खडकावर पसरली, वर हिरवळीच्या गुंडाळ्या अंथरल्या. तू फोनवर बजावलं होतंस ना, आल्याआल्या बाबांना दिसू दे, पॉलालासुद्धा आधी बोलू नका. कुणी बोललं नाही. आपल्यासारख्या चुनखडीवर राहणाऱ्यांना मातीहून मोठी भेट ती कुठली? लग्नात आपल्याकडे भांडी देत नाहीत, माती देतात. आईला पुरायलासुद्धा शेजाऱ्यांनी घमेल्यांनी आणली होती. तेव्हा तुला बोल लावायला हे लिहीत नाहीये, आधीच सांगते.

पण अरे, खाली डेझी होत्या.

तू विसरलास यात नवल नाही, किती वर्षं झाली तुला इथून जाऊन. मे महिन्यात आठवडाभर आपलं परस पिवळं व्हायचं, सगळी फुलं सूर्याकडे तोंड करून. बाबा जन्मभर खाणीत सुरुंग लावत आले. सगळं खरवडून नेल्यावर जो उघडा दगड उरायचा, तिथे काही वर्षांनी हीच फुलं यायची. या डेझीला तो तापलेला दगडच मानवतो. माती आली की गवत माजतं, झुडपं येतात, सावली पडते आणि ही बिचारी मरते. म्हणून तर बाबा दर वर्षी कण्हत कण्हत परसातली झुडपं उपटायचे, आणि आई कुरकुरायची की लोकांच्या परसात टोमॅटो, आमच्या परसात खडक. फुलं आली की खुर्ची टाकून पहिली तीच बसायची.

त्या दिवशी बाबांनी मागचं दार उघडलं. सगळे हसत उभे होते. बाबांनी काठीच्या टोकाने गवत दाबून बघितलं. मग हुदाककाकांचा हात धरून म्हणाले, छान झालं हो, माझ्या पोराने धाडली. सगळ्यांना कॉफी पाजली. मी स्वयंपाकघरात जाऊन रडून घेतलं, कारण बाहेर रडायची सोय नव्हती.

दुसऱ्या सकाळी मी फावडं घेतलं. कळ्या धरायचे दिवस, लगेच उकरलं तर काही झाडं वाचतील असं वाटलं. बाबांनी काठी आडवी धरली. म्हणाले, ठेव ते, दुशानने दिलंय. मी चिडले. म्हटलं, तो कधी येतो का बघायला? तर म्हणाले, येत नाही म्हणूनच राहू दे.

आता रोज एका हातात काठी आणि दुसऱ्या हातात नळी धरून ते त्या गवताला पाणी घालतात. खाली काय कुजतंय हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? फार वाईट वाटतं रे बघून. मी खिडकीचा पडदा ओढून घेते.

तुला यातलं काही कळवायचं नाही अशी त्यांनी मला शपथ घातली आहे, आणि मी ती मोडतेय. फोन करू नकोस. तू काढून टाका म्हणशील, ते बरं बरं म्हणतील आणि पुन्हा नळी सोडतील. मला ते हात लावू देत नाहीत, हुदाककाकांनाही देणार नाहीत. ती माती तुलाच येऊन काढावी लागेल. कदाचित उशीर झालाही असेल. एकही डेझी उरली नसली तरी ये. तू आला नाहीस म्हणून ते गवत जपताहेत, दुशान. तू दारात दिसलास की त्यांना ते जपावं लागणार नाही.

वाट बघणारी तुझीच,
पॉलाताई