चांदणी बकरी, वच्छलाची पाठ आणि राजापेठेची बाग

मी, सहदेव वल्द तुळशीराम होले, उमर वर्षे त्रेसष्ट, धंदा बागवानी व संत्र्याची कलमे बांधणे, राहणार राजापेठ, अमरावती, प्रांत वऱ्हाड, स्वतःच्या हाताने लिहून ठेवतो की माझे पाय सुजले आहेत, चार पावलांत दम लागतो, आणि वैद्यांनी मला काही न सांगता बाहेर जाऊन माझ्या मुलीला सांगितले आहे. जे समजायचे ते त्यावरून मला समजले. परंतु डोके ठिकाणावर आहे, नजर अजून कलमाचा डोळा पारखण्याइतकी चांगली आहे, आणि मला कोणी दटावलेले नाही की नादी लावलेले नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. मोरोपंत वकिलांनी नमुना दिला होता, तो फार कोरडा वाटला. म्हणून सुरुवात त्यातली घेऊन बाकीचे माझे मी लिहितो. कायद्यात बसेल तेवढे त्यांनी बसवावे, उरलेले घरच्यांसाठी समजावे.

बाब पहिली. राजापेठेच्या टोकाची बाग, तीतील विहीर, मोट, दोन खोल्यांचे घर व कलमांचे वाफे ही माझी स्वकष्टाची मिळकत आहे. वडिलार्जित शेत मी मोठे बंधू केशवराव यांस पूर्वीच सोडून दिले, तसा कागद आहे. ही सर्व मिळकत माझ्या मागे माझी एकुलती एक मुलगी वच्छला, उमर वर्षे एकवीस, अविवाहित, हिला मिळावी. हयातीपुरती नव्हे, पूर्ण मालकीने. ठेवावी, विकावी, तिची मर्जी. तिचे लग्न झाले नाही म्हणून कोणी तिच्या वतीने कारभार पाहण्यास पुढे येऊ नये. कारभार सहा वर्षांपासून तीच पाहते, मी फक्त खोकतो.

बाब दुसरी. कलमाची सुरी, सहाण, व डोळा बांधायच्या केळीच्या सोपटाच्या पट्ट्यांची पेटी वच्छलाला. माझ्यापेक्षा ती हलक्या हाताने फांदीवरचा डोळा काढते. हे मी तिच्या तोंडावर कधी म्हटले नाही, ते इथे लिहून ठेवतो. पोस्टातली शिल्लकही तिचीच.

बाब तिसरी. बागेत आजमितीस अकरा बकऱ्या आहेत. त्यांपैकी एकही खाटकाला विकू नये. म्हातारी होऊन मरेल तिला बागेतच पुरावे. त्या कलमांची कोवळी पाने खातात, हे मला ठाऊक आहे. खाऊ द्यावीत. कारण पुढे लिहितो, नाहीतर मी चळलो असे म्हणून कोणी कागद फिरवील.

सन १९२६ च्या होळीला वच्छला नऊ वर्षांची होती. तिची आई सत्यवती त्याआधीच गेलेली. पोर मामाकडे बार्शीटाकळीस गेली होती. अंगणात पऱ्हाटीचा, म्हणजे कापसाच्या वाळल्या काड्यांचा, ढीग रचलेला होता, त्यात मुले घर-घर खेळत होती. चुलीची ठिणगी पडली. बाकीची मुले निघाली, वच्छलाची पाठ भाजली, मानेपासून कमरेपर्यंत. मी पोहोचलो तोवर तिला बैलगाडीत पालथी घालून अकोल्यास डॉक्टर नारायणराव घारपुरे यांच्या दवाखान्यात नेले होते. सोबत मामाची शेजारीण जयवंता होती आणि जयवंताची दुभती बकरी चांदणी, कारण तिच्या दुधाशिवाय पोरीच्या पोटात काही ठरेना.

बाराव्या दिवशी डॉक्टरांनी मला बाहेर बोलावले. पाठ उघडी आहे, त्यातून अंगातले पाणी झिरपते आहे, ती झाकली नाही तर मुलगी आठवडा काढणार नाही, असे त्यांनी सांगितले. तिचेच कातडे काढून लावावे, तर तेवढी ताकद तिच्यात नव्हती. मी म्हटले, माझे काढा. मला तेव्हा हिवताप भरत होता, एक दिवसाआड दात वाजायचे. तापकऱ्याचे कातडे डॉक्टरांना नको होते. जयवंताने आपली मांडी पुढे केली. तिचे वय आणि अंग पाहून त्यांनी हात जोडले. मग म्हणाले, परदेशात कोणी बेडकाचे, कोणी सशाचे, कोणी डुकराचे कातडे माणसाच्या जखमेवर लावून पाहिले आहे. कधी साधले, बहुतेक वेळा नाही. आणि त्यांनी चांदणीकडे पाहिले.

आमचे घर रिद्धपूरच्या पंथाचा उपदेश घेतलेले. आमच्यात मुंगी मारली तरी मनाला लागते. डॉक्टर म्हणाले, "जनावराला विचारता येत नाही. म्हणून मी मालकिणीला विचारतो आणि त्याला कळ लागू देत नाही. याहून जास्त माझ्या हातात नाही, होलेबुवा. हे बरोबर आहे असंही मी म्हणत नाही."

जयवंता म्हणाली, "लेकरू वाचत असन तं न्या तिले. पन तिचं पिल्लू लहान हाय, त्याचं कोनी पाहा."

चांदणीला भूल दिली तेव्हा तिचे पाय मी धरले होते. ते काम मी दुसऱ्याला करू दिले नाही. ती भुलेतून उठली नाही. तिला बार्शीटाकळीस जयवंताच्या परसात पुरले, आणि पिल्लू मी खांद्यावर अमरावतीस आणले. आजच्या अकरा बकऱ्या त्याच्या वंशाच्या.

पुढे मी रिद्धपूरला जाऊन एका वृद्ध बाबांपुढे सगळे सांगितले. त्यांनी एवढेच विचारले, "तिले दुखलं काय?" मी म्हटले, भूल होती, तरी मला ठाऊक नाही. ते म्हणाले, "ठाऊक नाई म्हनला हे बरं केलं. दरसाल येत जाय, अन हेच सांगत जाय." तेव्हापासून दरसाल जातो. अजून ठाऊक नाही. माझ्या मागे वच्छलाने जाण्याची गरज नाही, पाय मी धरले होते.

बाब चौथी. जयवंता, राहणार बार्शीटाकळी, हिला ती जिवंत असेतो दर हंगामाची संत्री, व बागेतली हवी ती दुभती बकरी. तिने चांदणीची भरपाई कधी मागितली नाही. एकदा मी देऊ केली तर चार महिने बोलली नाही, तेव्हा तो विषय वच्छलाने काढू नये.

बाब पाचवी. डॉक्टर घारपुरे यांस पहिल्या तोडीची संत्री, पाटीभर, कोणीतरी स्वतः अकोल्यास नेऊन द्यावीत. रेल्वेच्या पार्सलाने पाठवू नयेत. त्या माणसाने माझी मुलगी वाचवली आणि तिला वाचवताना मला एकही खोटा शब्द सांगितला नाही. मी त्यांचे नाव घेतल्याशिवाय सकाळी सुरी हातात धरत नाही.

बाब सहावी. बागेच्या फाटकाबाहेरचा दगडी कट्टा माझे बंधू केशवराव यांस हयातभर बसण्यासाठी देतो. बारा वर्षे ते रोज त्याच कट्ट्यावर बसून माझ्याशी फाटकाच्या गजांतून बोलतात. आत येत नाहीत, कारण आत आले की वच्छला पाणी देणार, आणि तिच्या हातचे पाणी त्यांना चालत नाही. तिच्या अंगावर जनावराचे कातडे आहे ना. तर त्यांचा कट्टा त्यांना लखलाभ असो.

बाब सातवी. ही लिहायला मला तीन दिवस लागले.

कातडे लावल्यावर दहाव्या दिवशी डॉक्टरांनी पट्टी सोडली. कातडे गुलाबी होते, कडेने चिकटलेले होते. पोरीचा ताप उतरला होता, तिने मला बाबा म्हणून हाक मारली. मी बागवान माणूस. जंबेरी लिंबाच्या खुंटावर संत्र्याचा डोळा बांधावा, पट्टी सोडावी, डोळा हिरवा दिसला की लागला म्हणावे, यात माझा जन्म गेला. डॉक्टर म्हणाले, अजून थांबा. मी थांबलो नाही. आगगाडीने अमरावतीस आलो आणि राजापेठेच्या चौकात, जिथे आम्ही बागवान रोपे मांडून बसतो, तिथे पेढे वाटले. माझ्या पोरीला बकरीचे कातडे लागले, लागले म्हणजे लागले, असे ओरडून सांगितले. केशवराव तिथे होते. ते म्हणाले, "आंबा कदी संत्र्याले लागते काय, सहदेव? जात येगळी हाय." मी चारचौघांत त्यांना मूर्खात काढले. तुम्ही आयुष्यभर वांगी लावली, कलमातले तुम्हाला काय कळते, असे म्हणालो.

हिरवा दिसलेला डोळा विसाव्या दिवशी काळा पडतो, हे मी हजारदा पाहिलेले होते. त्या दिवशी मला ते आठवले नाही. कातडे तेविसाव्या दिवशी सुकले आणि गळून गेले. खाली जखम लाल, स्वच्छ होती. डॉक्टर खूश झाले. म्हणाले, याने आपले काम केले, मुलीला तेवढे दिवस मिळवून दिले. मग तिच्याच मांडीचे पातळ तुकडे काढून त्यांनी रोपांच्या ओळी लावाव्या तसे पाठीवर लावले. ते लागले. आज वच्छलाच्या पाठीवर जे आहे ते तिचे स्वतःचे आहे. चांदणीचा एक केसही तिच्या अंगावर नाही.

हे मी कोणाला सांगितले नाही. लोक म्हणत, पाठीवर केस उगवतात आणि बाप दर दिवाळीला कापतो. मी ऐकून घेतले. अचलपूरचे स्थळ ठरता ठरता मोडले, ते याच बोलण्यावरून. त्या वेळी डॉक्टरांनी आपणहून चिठ्ठी लिहून दिली, की कातडे तात्पुरते होते, गळले. ती चिठ्ठी मी कोणाला दाखवली नाही, पेटीत ठेवली. मनाशी म्हणालो, ज्या जिवाने माझी पोर झाकली त्याचे नाव पुसायचे कशाला? चांदणीचा उपकार मी मानतो, मरेपर्यंत मानीन. पण उपकार मानायला खोटे कशाला लागते? केशवराव बरोबर होते आणि मी चुकलो, एवढे चौकात म्हणणे मला जड गेले. त्याची किंमत माझ्या मुलीने भरली. मी तिचा अपराधी आहे.

म्हणून माझ्या मागे मोरोपंत वकिलांनी ही बाब राजापेठेच्या चौकात मोठ्याने वाचावी, व डॉक्टरांची चिठ्ठी वच्छलाच्या हाती द्यावी.

सहदेव तुळशीराम होले. अमरावती, ता. ६ नोव्हेंबर १९३८.

पुरवणी. वरील मजकूर मी त्याच दिवशी वच्छलाला वाचून दाखवला. ती वाफ्यात बसून डोळे बांधत होती, हातातले काम तिने थांबवले नाही. चिठ्ठीवर आलो तेव्हा म्हणाली, "वाचली म्या ते चिठ्ठी. चार वर्षं झाले."

मी विचारले, मग बोलली का नाहीस?

"पाठ माही हाय, बाबा. मले काहून नाई मालूम असन? मी सांगतलं असतं तं तुमी खोटे पडले असते. तुमच्या तोंडून निघन म्हनून वाट पाहून राहिली होती."

पट्टीला गाठ मारून ती म्हणाली, "मेल्यावर वकिलानं काहून वाचावं? जिते हा, तुमीच सांगा. अन हेही सांगा, ते कातडं राहिलं असतं तरी मी वच्छलाच होती. पानी तेच होतं."

मी रविवारी बैलांच्या खाचरात बसून चौकात गेलो आणि दोन्ही गोष्टी सांगितल्या. दुसरी सांगताना आवाज जास्त निघाला. एका भाजीवाल्याने विचारले, मग बारा वर्षं काय करून राहिला होता? केशवराव आपल्या वांग्यांमागे उभे राहून ऐकत होते.

सोमवारी सकाळी ते रोजच्यासारखे कट्ट्यावर बसले. मी गजांतून म्हणालो, दादा, आंबा संत्र्याला लागत नाही, तुम्ही म्हणाला होता. ते म्हणाले, "म्हनलं होतं. पन ते दुसरी, पान्याची गोष्ट मले कोनी आधीच म्हनली पाहिजे होती." मग उठून फाटक ढकलून आत आले, ओसरीवर बसले आणि म्हणाले, "पानी दे वं पोरी." वच्छलाने हातातले चार डोळे बांधून संपवले, मग उठली. तोवर ते तसेच बसून राहिले.

सबब बाब सातवीतील वाचनाची सूचना रद्द, ते काम मी स्वतः केले आहे. चिठ्ठी वच्छलाला दिली, तिने ती पुन्हा पेटीतच ठेवली. बाब सहावीही रद्द. या कागदावर केशवरावांची साक्ष घालायची आहे, आणि वकिलांचे म्हणणे असे की ज्याला मृत्युपत्राने काही मिळते त्याने साक्ष घालू नये, उगाच शंका निघते. कट्टा की सही, असे मी दादांना विचारले. त्यांनी टाक मागितला.

मूळ मजकूर व पुरवणी मी वाचून, समजून, खुशीने कायम केली.

सहदेव तुळशीराम होले
मुक्काम अमरावती, ता. १४ नोव्हेंबर १९३८

सहदेव यांनी आम्हा दोघांच्या देखत सही केली, व आम्ही त्यांच्या देखत केली:

१. मोरोपंत वकील, राहणार अमरावती.
२. केशवराव तुळशीराम होले, राहणार राजापेठ. सही बागेच्या आत, ओसरीवर बसून केली.