संन्याशाचे लाल गाल

बर्लिन, ३ मार्च १९१३
सिनेमात प्रमुख भूमिका! श्रद्धा हरवलेला एकाकी संन्यासी. शेवटी प्रार्थनेत त्याला देव सापडतो. आजवर नाटकात मी पडद्यामागून ढगांचा गडगडाट करायचो. आता जग माझा चेहरा बघेल. आजपासून एकांत, मौन, पाव आणि पाणी. घरमालकीण फ्राऊ पिश्के यांना तसं बजावलं. त्या म्हणाल्या, बरं बाई, पण जिन्यात गाणं म्हणू नका म्हणजे झालं.

४ मार्च
मौन दुपारपर्यंत कडक. मग बाई बटाट्याचं सूप घेऊन आल्या. नको म्हणायला तोंड उघडावं लागलं. उघडलंच होतं, म्हणून सूप घेतलं. त्यात सॉसेज निघालं. बाजूला काढणं बरं दिसलं नसतं.

७ मार्च
एकांत काय, मनाचा असतो. बाईंच्या स्वयंपाकघरातही मी आतून एकटाच होतो. पत्ते खेळताना तर फारच. हरलो. संन्याशाने हरावंच.

१२ मार्च
शूटिंग. कफनीची टोपी सतत नाकापर्यंत. चेहरा फक्त शेवटच्या प्रार्थनेत. कॅमेऱ्याला लाल रंग काळा दिसतो म्हणे, म्हणून सगळ्यांच्या तोंडाला पिवळं फासतात. काविळीच्या तोंडावर श्रद्धेचं तेज कसं दिसणार? गुपचूप गालांना भरपूर लाली लावली. कॅमेरामन ओरडला, अरे, हे काय थोबाड करून आलास! पण स्टुडिओच्या काचेच्या छपरावरचं ऊन उतरत चाललं होतं. दिग्दर्शक लोबेडांझ म्हणाले, मरू दे, फिरव हँडल.
मत्सर, दुसरं काय.

१० एप्रिल
उद्या पहिला खेळ. बाईंनी स्वतःच्या टोपीला नवी फीत लावली. चेहरा केवढा दिसेल, विचारत होत्या. भिंतीएवढा, म्हटलं.

११ एप्रिल
चेहरा नाहीच. लोबेडांझ म्हणाले, गाल कोळसेवाल्यासारखे आले होते, तेवढी फिल्म कापून टाकली. उरली ती प्रार्थनेला बसलेली माझी पाठ.
शेजारी बाई मुसमुसत होत्या. म्हटलं, अभिनय पोचला ना? म्हणाल्या, अभिनय कसला हो! ही तुमचीच पाठ. रोज जेवून जिना चढताना दिसते. तेव्हाही मला असंच रडू येतं. इतकं एकटं राहायचं असतं का माणसाने?
घर येईपर्यंत मौन बिनचूक पाळलं.