नवव्या पानावरची ओळ

३ मार्च, सोमवार

नळीत थुंकायचं म्हणे! जन्मभर पोरांना "थुंकू नका" म्हणून दटावलं, आणि आज नात मला तेच करायला प्रयोगशाळेत घेऊन गेली. बाई बाईच्या प्रेमात का पडते, ते रक्तात असतं का, असा शोध चाललाय. अशा घरातल्या तीन पिढ्या हव्यात. लेक आणि नात सही ठोकून, थुंकून मोकळ्या. मी चौथीपर्यंत शिकलेली — बोट ठेवून वाचते. सातव्या पानावर पोचले आणि कुलूप लावायची वेळ झाली! कागद घरी आणला. जावईबाई (नातीची जोडीदारीण, बस चालवते) वाटभर चिडवत होती, "आजी, परीक्षा कधी?" हसून हसून पोट दुखलं.

५ मार्च

नववं पान. 'नमुने पुढे इतर संस्थांना अन्य कारणांसाठी देता येतील.' अन्य म्हणजे काय?

६ मार्च

गेले विचारायला. संशोधक बाई गोड आहे, चहा दिला. म्हटलं, "उद्या पोटातलं मूल तपासून कोणी म्हणालं, हे तसलं निघणार, नको — तर?"

"आमचा तसा हेतू नाही, आजी."

"तुमचा नाही गं. पण कागदावर हेतू कुठाय? अन्य लिहिलंय."

तिने कागद ओढून ती ओळ पुन्हा वाचली. मग म्हणे, "खरं सांगू? ही ओळ आजवर कोणी वाचलीच नाही."

सही केली नाही. नात फुरंगटली. "तू ना आजी! उत्तर मलाही हवंय." तिचंही खरंच. लहानपणापासून 'मी अशी का' म्हणून कुढलीय बिचारी. पण कोणी तिला आधीच नको म्हटलं असतं तर? माझे गुडघे कोणी चेपले असते? पत्त्यांत एवढी लबाडी कोणी केली असती!

२० मार्च

नवा कागद आला! गर्भ तपासायला कधीच वापरणार नाही. दुसऱ्यांना द्यायचं तर आधी आम्हाला विचारणार. आधी थुंकलेल्यांनाही नव्याने विचारतायत. दोनदा वाचलं, झोकात सही केली. पण तोंडाला कोरड! नळी काही भरेना. शेवटी जावईबाईने समोर उभं राहून लिंबू चोखलं, तेव्हा कुठे रेघेपर्यंत आली. नात हसली. एकदाची!

२ एप्रिल

प्रयोगशाळेतून फोन आला. असले कागद तपासणारी समिती असते. डॉक्टर असतात, वकील असतात, आणि एक साधं माणूस. ती खुर्ची रिकामी आहे, बसाल का, म्हणतात. म्हटलं, मी फार हळू वाचते हो.

म्हणाले, म्हणूनच.