काकीचा हिस्सा आला अन् पाणी घटलं

कडगंची, ९ ऑक्टोबर २०२३

ती. अक्कास शि. सा. न. वि. वि.

फोन आळंदच्या बाजारात हरवला, म्हणून कागद. विद्यापीठाजवळच्या कॅन्टीनमध्ये चहा वाटायलोय. पोरं चार भाषांत नावं ठेवत्यात, म्हणजे चहा चांगला असावा.

तू विचारलंस, विहिरीत आपला निम्मा हिस्सा, त्यात लिंगम्मा काकीनं तिचा तिसरा हिस्सा तुला दिला, तर पंचांपुढं किती सांगायचं. एवढं न्हाई येत? एक छेद दोन अन् एक छेद तीन. वरचं वरच्यात मिळवायचं, खालचं खालच्यात. एक अन् एक दोन, दोन अन् तीन पाच. दोन छेद पाच. बिनधास्त सांग. शेजारच्या हणमंतरावांचा तर उगं सहावा हिस्सा, ते काय बोलणार?

इथं एक घोडेवाला आलाय, वरातीत घोडं नाचवायला शिकवतो म्हणतोय. जाऊ दे, ते नंतर.

माया हाय तेवढी राहू दे.
तुझा श्रीशैल

दुबलगुंडी, १७ ऑक्टोबर

चि. गणितसम्राट श्रीशैल यास अ. उ. आ.

तुझं उत्तर पंचांपुढं मोठ्यानं सांगितलं. हणमंतराव लगेच म्हणाले, पोरगं हुशार निघालं, उरलेलं सगळं माझं. तेव्हाच कळायला पाहिजे होतं.

मोटरीला थ्री-फेज करंट रोज सहा तास. काकीचा हिस्सा यायच्या आधी मोटर तीन तास माझी होती. आता हिस्सा वाढला, तर अडीच तासबी न्हाई. अजून कुणी मायेनं हिस्सा दिला, तर मलाच घागरीनं विहीर भरावी लागंल.

अद्रक पिवळं पडायलंय. मी दिलेलं पाणी गेलं कुठं, असं काकी रोज विचारायलीया. सोमवारी पंच परत बसत्यात. सह्या झाल्या की मिटलं. त्याआधी काहीतरी कर.

रागात माया धरून घे.
जगदेवी

कडगंची, १९ ऑक्टोबर

ती. अक्कास शि. सा. न. वि. वि.

टोमणे सगळे पोचले. सहा तासांची सहा बिस्किटं टेबलावर मांडली. दोन खाल्ली, म्हणून परत मांडली. निम्मे म्हणजे तीन, तिसरा हिस्सा म्हणजे दोन. झाले पाच. सहातले पाच तास तुझे. निम्म्याचा तुकडा मोठा, तिसऱ्याचा बारका, अन् मी दोन्ही सारखेच धरून मोजले. आधी दोन्हीचे सहाव्याएवढे तुकडे करायचे, मग मिळवायचे.

तूच कबूल केलंस म्हणून पंच अडतील. तवा हणमंतरावांना म्हण, ह्याच रीतीनं तुमचा सहावा हिस्साबी मिळवा. दोन छेद पाचात एक छेद सहा. तीन छेद अकरा येतंय. विहिरीचे मालक तिघंच, अन् तिघांचं मिळून एवढंच? मग अकरातले आठ हिस्से कोण पितंय?

मला यायला जमणार न्हाई. घोडेवाला बसवकल्याणला चाललाय, त्याच्यासंगं जावं म्हणतोय.

उरलीच असंल तर माया ठेव.
श्रीशैल

दुबलगुंडी, २४ ऑक्टोबर

चि. श्रीशैल यास अ. उ. आ.

आठ हिस्से कोण पितंय विचारताच हणमंतराव बोटं मोजायला लागले. पंचातल्या सिद्धप्पा अण्णांनी विचारलं, "विहिरीत भूत हाय काय, हणमंतराव?" मग काकीनं सहा खडे मांडले अन् पाच माझ्या पदरात टाकले. पंचांनी मान हलवली. तुझी हुशारी हणमंतरावांनी परत घेतली. कालपासून मोटर पाच तास माझी. अद्रक वाचंल.

आता तुझा हिसाब. निम्मा तू कॅन्टीनमध्ये, तिसरा हिस्सा त्या घोड्यामागं. तुझेबी खडे मांडून बघितले. एक उरतोय.

तेवढा दिवाळीला घरी पाठव.
तुझी अक्का