वाणातल्या रेकॉर्ड्स

कोलंबस, ओहायो
जानेवारी १९८६

चि. हेमंत,

माझ्यावर घोर अन्याय झाला आहे. लीड्समध्ये लाँड्रीवरच्या एका खोलीत तू काढलेल्या कंपनीच्या रेकॉर्ड्स माझ्या गॅरेजमध्ये सुखाने झोपतात आणि माझी गाडी बाहेर बर्फात कुडकुडते.

गेल्या संक्रांतीला, खपत नव्हत्या म्हणून, हळदीकुंकवात मी त्याच वाण म्हणून लुटल्या. शेजारची विनीता म्हणाली, "वाटी परवडली नाही वाटतं? आणि ही गाणी आहेत की भांडी घासताहेत?" पण तिच्या लेकीने तीच रेकॉर्ड कॉलेजच्या रेडिओवर लावली. तेव्हापासून दुकानदार मला फोन करतात.

काल न्यूयॉर्कच्या एका बड्या कंपनीचा माणूस आला. अमेरिकेतली विक्री त्यांना हवी. फक्त तो भांड्यांचा आवाज जरा गुळगुळीत करायचा. तू फोनवर म्हणाला होतास, "ताई, तू ठरव." मी त्याला चहा पाजला आणि नाही म्हणून सांगितलं. रेकॉर्ड्स आहेत तशाच, याच गॅरेजमधून विकणार.

हे पत्र मात्र पाठवणार नाही. माझा तुझ्यावर एवढा विश्वास आहे हे कळलं तर डोक्यावर चढून बसशील.

उद्या संक्रांत. आत्ता विनीताकडे स्टीलची वाटी देऊन येते. गेल्या वर्षीची राहिली होती.

तुझी,
सुलेखाताई